खालचा हात

१

वरून दाभण खाली घालायचं आणि ते खालून परत वर यायची वाट बघायची. माझ्या आयुष्यातली बावीस वर्षं एवढ्याच कामात गेली.

मी तंबू शिवते. तंबूचा कॅनव्हास इतका जाड असतो की एकट्या बाईच्या दोन हातांना तो जुमानत नाही, म्हणून आमच्या कारखान्यात जोडीनं शिवतात. कमरेएवढ्या उंचीच्या लाकडी चौकटीवर कापड ताणून बांधायचं. एकीनं वर बाकावर बसायचं, एकीनं खाली ठेंगण्या स्टुलावर. वरची दाभण खुपसते, खालची ते ओढून घेते आणि पुढच्या टाक्याला वर पाठवते. दिवसभर एकमेकींचं तोंड दिसत नाही. दिसतं ते फक्त दाभणाचं टोक.

माझ्या खाली वन्सं बसायच्या. माझ्या नवऱ्याची थोरली बहीण. उंचीनं एवढ्याशा, पण तोंडानं अख्ख्या कारखान्याला पुरून उरणाऱ्या. सगळे त्यांना लवंगी म्हणायचे, आणि त्यांनाही ते आवडायचं. दोरा संपत आला की त्या खालून दोन झटके द्यायच्या. माझा टाका वाकडा पडला तर दाभण परतच पाठवायच्या नाहीत. धरून बसायच्या. मी उसवून नीट घालेपर्यंत खालून एक शब्द नाही.

साथ आली तेव्हा तापाचे तंबू आम्हीच शिवले. तिसऱ्या आठवड्यात वन्संनाच ताप चढला, आणि आमच्याच हातच्या एका तंबूत त्यांना नेलं. चौथ्या दिवशी त्या गेल्या. रक्ताचा अहवाल यायच्या आत गेल्या, म्हणून नोंदवहीत कारणाच्या रकान्यात लिहिलं गेलं, ‘इतर’.

त्याला दोन वर्षं झाली. आता वस्तीनं ठरवलं होतं की गेलेल्यांच्या आठवणीची एक मोठी गोधडी करायची. ज्याच्या घरचं माणूस गेलं त्यानं त्या माणसाच्या कपड्याचा एक चौकोन द्यायचा, त्यावर मोठ्या अक्षरात नाव शिवायचं, आणि नव्या सभागृहाच्या उद्घाटनाला गोधडी तिथं टांगायची. त्र्याऐंशी चौकोन जमले. शर्टांचे, झग्यांचे, चादरींचे, एक टपालवाल्याच्या गणवेशाचा खिशासकट. अस्तराला मालकांनी कारखान्यातला एक अर्धवट तंबू दिला. वन्संना ताप चढला त्या दुपारी आम्ही दोघी जो सोडून उठलो होतो, तोच.

सुरुवातीला शिवायला वीस जण यायचे. मग कुणाची कंबर धरली, कुणाचा जावई आला, कुणाला चष्म्याचा नंबर वाढल्याचं अचानक आठवलं. उरलो तिघं. मी, बाई आणि न्हावी. बाई म्हणजे आमच्या शाळेतल्या निवृत्त शिक्षिका. त्या खडूनं नावं आखून द्यायच्या. न्हावी खाली बसायचा. ताडमाड माणूस, त्याला ते ठेंगणं स्टूल नको व्हायचं, म्हणून त्यानं ते भिंतीशी सरकवून ठेवलं होतं आणि सरळ फरशीवर मांडी घालून बसायचा.

“गिऱ्हाइकाची मान सांभाळतो मी, वहिनी,” तो म्हणायचा. “दाभणाचं काय घेऊन बसलात!”

मात्र दोरा संपला की तो खालून एवढ्यांदा ओरडायचा, “दोराऽऽ!” की बाईंच्या हातातला खडू पडायचा.

२

त्या मंगळवारी बाईंचं डोकं दुखत होतं, त्या आल्या नाहीत. पाळी सुटल्यावर मी चौकटीशी गेले. छताच्या काचांतून चारचं ऊन कापडावर आलं होतं. बेकरीवाल्याचं नाव आखून तयार होतं. मी बाकावर बसले, दोऱ्याला मेण लावलं, कापडाकडे बघूनच विचारलं, “आहात ना, दादा?”

उत्तर आलं नाही. तोंडात दोरा धरला असेल, असं मला वाटलं. मी दाभण घातलं, ते परत आलं. घातलं, परत आलं. काम इतकं छान लागलं होतं की मी गुणगुणायलाही लागले. अक्षरामागून अक्षर सरळ रेषेत उतरत होतं. न्हाव्याचा हात आता बसला, म्हटलं चला, माणूस सुधारला.

मग खालून दोन झटके आले.

मी सवयीनं नवा दोरा तोडला, ओवला, मेण लावलं. दाभण पुन्हा कापडाला टेकवलं आणि माझा हात तिथंच थांबला. न्हावी झटके देत नाही. न्हावी ओरडतो.

तेवढ्यात कारखान्याचं पुढचं दार वाजलं आणि न्हावी खांद्यावरचे केस झटकत आत आला.

“माफ करा हं वहिनी. एका नवरदेवानं तासभर अडकवून ठेवलं. एका बाजूची मिशी त्याला मोठी वाटत होती. इकडची कापली की तिकडची मोठी, तिकडची कापली की इकडची. शेवटी बिनमिशीचाच गेला लग्नाला.” तो जवळ आला आणि कापडावर वाकला. “अरे वा! अख्खं नाव झालं? एकटीनं?”

“हो,” मी म्हटलं. दुसरं काय सांगणार होते?

तो खाली शिरला. “हे स्टूल कशाला आणलंत मधे?” तो आतून म्हणाला, आणि ते सरकवून भिंतीशी ठेवलं.

मी आणलं नव्हतं.

३

आमचे हे पाण्याचे पंप दुरुस्त करतात. जगातली प्रत्येक गोष्ट एकतर हवेमुळे अडते किंवा वॉशरमुळे गळते, अशी त्यांची श्रद्धा आहे. मी जेवताना त्यांना सगळं सांगितलं. त्यांनी पाणी पिऊन घेतलं, मग म्हणाले, “तुझाच डावा हात असणार तो. बावीस वर्षं तू हे काम करतेस. डोकं दुसरीकडे असलं की हात आपापलं करतात. मी झोपेत पाना फिरवतो, हे तूच सांगतेस ना लोकांना?”

“आणि स्टूल?”

“न्हाव्यानंच ठेवलं असेल. त्याला स्वतःचा कंगवा कानावर ठेवलेला आठवत नाही.”

मला पटलं. खरं म्हणजे पटवून घ्यायची घाई झाली होती. पण मी हिशेबी बाई आहे. पटलेलं तपासून बघते. दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत सगळे अंगणात गेल्यावर मी एकटीच चौकटीशी आले. डावा हात ॲप्रनच्या नाडीनं कमरेला घट्ट बांधला. मग उजव्या हातानं दाभण खुपसलं आणि सोडून दिलं.

रस्त्यावर कुणीतरी पत्रे उतरवत होतं. भिंतीवरचं घड्याळ चालत होतं. काहीच झालं नाही. मला स्वतःचंच हसू आलं. पन्नाशी उलटलेली बाई, भर दुपारी एक हात बांधून कापडाकडे टक लावून बसलेली.

दाभणाचं वरचं टोक हळूच खाली गेलं. नेढं दिसेनासं झालं. दोरा सरसर आत ओढला गेला, ताणला गेला, आणि बरोबर एका टाक्याच्या अंतरावर टोक वर आलं.

मी ते धरलं. आणि मुद्दाम, अगदी जाणूनबुजून, पुढचा टाका वाकडा घातला.

दाभण परत आलं नाही. मी दोरा ओढला. खालून कुणीतरी धरून ठेवला होता. हिसका नाही, जोर नाही. नुसता हट्ट. वीस वर्षं रोज जिच्याशी मी भांडले, ती ओढ मला कुणी ओळखवून द्यायला नको होती.

मी वाकून खाली बघितलं. स्टूल चौकटीखाली होतं आणि त्यावर कुणी नव्हतं. दोरा कापडातून खाली आला होता. त्याच्या टोकाला दाभण लोंबकळायला हवं होतं. ते लोंबकळत नव्हतं. स्टुलापासून वीतभर वर, हवेत, आडवं थांबलं होतं.

मी बघतेय हे कळल्यासारखं ते खाली पडलं.

मी रस्त्यावर येऊन उभी राहिले. हात कमरेला बांधलेलाच होता. पत्रे उतरवणारा माणूस माझ्याकडे बघत राहिला. मी घाबरले होते. पण खोटं कशाला बोलू, भीतीच्या तळाशी थोडा रागही होता. दोन वर्षांनी आलात, आणि आल्या आल्या माझ्या टाक्यांना नावं ठेवताय?

४

त्याच दुपारी नोंदणी कचेरीतले साहेब आले. काखेत फाइल, वहाणा दाराशी नीट जोडून ठेवणारा माणूस. त्यांनी गोधडीभोवती एक फेरी मारली, ओठ हलवत नावं मोजली आणि चष्मा पुसला.

“यादीत चौसष्ट नावं आहेत,” ते म्हणाले. “इथं त्र्याऐंशी चौकोन आहेत. एकोणीस जास्त झाले.”

“जास्त?” बाई म्हणाल्या. “माणसं जास्त झाली?”

“भावना मी समजू शकतो, बाई. पण कागदोपत्री साथीनं गेलेले चौसष्ट. बाकीचे ‘इतर’मधे आहेत. सभागृहात लागणारी गोष्ट यादीशी जुळली पाहिजे. रविवारी अकराला उद्घाटन आहे. तोवर ते एकोणीस काढा.”

बाईंनी निळ्या चौकटीच्या शर्टाच्या एका चौकोनावर हात ठेवला. “हा माझा धाकटा भाऊ. शेजारच्या खाटेवर सुतार होता. दोघांना एकच ताप, एकच तंबू, एकच दिवस. सुताराचा अहवाल सकाळी आला, ह्याचा आलाच नाही. दोघांत फरक काय, तर काचेची एक नळी. आणि सुतार तुमच्या यादीत आहे, हा जास्त आहे?”

न्हावी चौकटीखालून बाहेर आला आणि हात झटकत त्यांच्या शेजारी उभा राहिला.

“माझी बायको आहे तुमच्या यादीत, साहेब,” तो म्हणाला. “पण ती तिथं एकटी काय करेल? तिच्या सगळ्या मैत्रिणी ‘इतर’मधे आहेत. ती गप्पांशिवाय राहणारी बाई नाही.”

“मी कागदाला बांधलेला माणूस आहे,” साहेब म्हणाले, आणि ते खरं सांगत होते. “जुळलं नाही तर मी सभागृहाची किल्ली देऊ शकत नाही. तुमच्यानं उसवणं होत नसेल तर मी करतो. वाईटपणा माझ्याकडे.”

त्यांनी टाके काढायची छोटी सुरी उचलली आणि बाईंच्या भावाच्या नावातल्या पहिल्या अक्षराखाली घातली. एक टाका तुटला. तुटलेलं टोक त्यांनी चिमटीत धरून वर ओढलं. ते आलं नाही. उलट त्यांच्या चिमटीतून हळूहळू निसटून खाली गेलं, आणि ढिला पडलेला टाका पुन्हा घट्ट बसला.

साहेबांनी चष्मा वर सरकवला. पुन्हा सुरी घातली. या वेळी टाका सुरीभोवतीच आवळला. कापडाला मधोमध खळगा पडला. सुरी त्यांच्या हातातून खाली, खाली जाऊ लागली, तेव्हा त्यांनी ती सोडली.

मग ते वाकले आणि त्यांनी चौकटीखाली बघितलं.

ते किती वेळ वाकलेले होते सांगता येणार नाही. मिनिटभरही नसेल. रस्त्यावरच्या गाड्यांचा आवाज येत होता. बाईंनी माझा दंड धरला होता.

साहेब सरळ झाले. चेहरा पांढरा पडला होता, पण आवाज नेहमीचाच, कचेरीतला.

“खाली किती जण बसवलेत तुम्ही?”

न्हावी त्यांच्या खांद्याला खांदा लावून उभा होता. “मी तर इथं आहे, साहेब,” तो म्हणाला. “बाई नि वहिनी त्या तिथं. आम्ही तिघंच आहोत.”

साहेबांनी फाइल काखेत घेतली. दाराशी वहाणा होत्या तशाच ठेवून ते अनवाणी निघून गेले.

न्हाव्यानं वाकून बघितलं. “काही नाही,” तो म्हणाला. मग थोडं थांबून, “स्टूल आहे. मी तर ते...”

“भिंतीशी ठेवलं होतं,” मी म्हटलं. “माहीत आहे मला.” आणि दोघांना सगळं सांगितलं.

५

बाई बराच वेळ खडू बोटांत फिरवत राहिल्या. मग म्हणाल्या, “मला भीती वाटतेय. पहिल्यांदा वर्गावर गेले तेव्हाही वाटली होती. साठ पोरं माझ्याकडे बघत होती. तेव्हा पळून गेले नाही, तर आता ह्या वयात कुठे पळू?”

“ते आपल्याला काही करणार तर नाहीत?” न्हाव्यानं विचारलं. बाईंनी खडू खाली ठेवला आणि राहिलेले चौकोन मोजले.

अजून तेरा नावं शिवायची होती. त्यात आठ यादीबाहेरची. एका जोडीच्या हातून दिवसाला फार तर दोन नावं व्हायची, आणि हातात होते गुरुवार, शुक्रवार, शनिवार. तिघांनी वर बसून तीन नावं एकदम शिवायला घेतली तरच जमणार होतं.

“आपण तिघं वर बसलो,” न्हावी म्हणाला, “तर खाली कोण?”

मग तो स्वतःच अंगाला लागलेली फरशीची धूळ झटकून वर येऊन बाकावर बसला.

मालकांनी तीन दिवस मला सुट्टी दिली. आम्ही सकाळी आठला बसायचो. पहिल्या दिवशी न्हाव्यानं दाभण खुपसताना डोळे मिटून घेतले होते. ते परत आल्यावर त्यानं एक डोळा उघडला. थोड्या वेळानं दुसरा. दहा टाके झाल्यावर त्याच्या दाढीवरून पाणी ओघळायला लागलं.

“ही घाई तिचीच,” तो म्हणाला. “भाजी निवडतानाही अशीच करायची. मी एक काडी मोडेपर्यंत हिची जुडी संपलेली.”

बाईंनी जन्मात दाभण धरलं नव्हतं. त्यांचं दाभण खालून जरा तिरकं यायचं, थांबायचं, त्यांचं बोट नीट बसलं की मग पुढे सरकायचं. “मला कुणीतरी शिकवतंय,” त्या कुजबुजल्या. “आयुष्यभर मी शिकवलं, आणि आता मला कुणीतरी हात धरून शिकवतंय.”

शुक्रवारी मात्र वेग वाढला. मी दाभण सोडते न सोडते तोच ते वर यायचं. एका नावातून दुसऱ्या नावात आम्ही श्वास न घेता जाऊ लागलो. खालून आवाज येऊ लागला, दोरे ओढल्याचा, सरसर, सरसर. तीन दोऱ्यांचा तो आवाज नव्हता. सगळ्या जोड्या कामाला बसल्या की कारखाना जसा घुमतो, तसा होता. मी बोटं वर उचलायला गेले, पण दोरा ती खाली ओढत होता. मला पहिल्यांदाच वाटलं की काम आम्ही करत नाही आहोत, ते आमच्याकडून करून घेतलं जातंय. आणि थांबायचं म्हटलं तर आम्हाला थांबू देतील का?

“आई गं!” बाई ओरडल्या. टोक त्यांच्या बोटात घुसलं होतं. रक्ताचा एक थेंब कापडावर पडला.

आवाज बंद झाला. एकदम, सगळाच्या सगळा. तिघांचीही दाभणं खाली राहिली. आम्ही बसून राहिलो. न्हाव्यानं आपल्या पिशवीतली स्वच्छ चिंधी काढली, गिऱ्हाइकाला बांधावी तशी बाईंच्या बोटाला बांधली, गाठ मारली. बाईंनी बोट हलवून बघितलं आणि मान डोलावली.

तेव्हा त्यांचं दाभण वर आलं. हळूच, अगदी हळूच. आधी नुसतं टोक, मग थांबलं, मग बाकीचं.

न्हावी नाक ओढून म्हणाला, “काही करणार नाहीत ते आपल्याला.”

६

रविवारी सकाळी एकच नाव राहिलं होतं. मीच ते मागे ढकलत आणलं होतं. वन्संच्या कामावरच्या ॲप्रनचा तुकडा, त्यावर मेणाचे डाग अजून होते. बाईंनी त्यावर पूर्ण नाव आखलं होतं. स्वतःचं, वडिलांचं, आडनाव, सगळं.

मी पहिला टाका घातला. दाभण खाली गेलं आणि परत आलं नाही.

मी थांबले. मग उसवून पुन्हा घातला. पुन्हा तेच. चार वेळा घातला, चार वेळा खालून धरून ठेवला. टाका अगदी सरळ रेषेत होता, मी डोळे लावून बघत होते. सव्वानऊ झाले. अकराला उद्घाटन होतं. आमचे हे गोधडी न्यायला हातगाडी घेऊन आले होते आणि दाराशी घड्याळ बघत उभे होते.

“वन्सं,” मी शेवटी कापडाला तोंड लावून म्हटलं, “काय चुकलं ते तरी सांगा. सगळ्यांची झाली, तुमचीच राहिली. मी इथं रडायला लागेन हं आता.”

खालून काही नाही. नुसती ती ओढ.

बाई पुढे आल्या. त्यांनी आखलेल्या अक्षरांकडे बघितलं, आणि त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी उजाडलं. “माझ्या वर्गात एक मुलगी होती,” त्या म्हणाल्या. “हजेरीपटावरच्या नावाला कधी ओ द्यायची नाही. कितीही हाका मारा. घरचं नाव घेतलं की लगेच हात वर.”

त्यांनी ओल्या फडक्यानं खडू पुसून टाकला आणि टपोऱ्या अक्षरांत तीनच अक्षरं काढली. लवंगी.

मी दाभण खुपसलं. ते इतक्या जोरात वर आलं की माझ्या नाकाशी येऊन थांबलं.

“हीच ती,” आमचे हे दारातून म्हणाले. आपल्या बहिणीबद्दल दोन वर्षांत ते पहिल्यांदा काही बोलले होते.

तीन अक्षरांना वीस मिनिटं लागली. गाठ मारून मी दोरा तोडला आणि हात कापडावर सपाट ठेवला. आणि जे मी आजवर कुणाला सांगितलं नव्हतं ते मला तिथं सगळ्यांसमोर आठवलं. वन्सं तंबूत होत्या तेव्हा मी बाहेरून त्या कापडावर असाच तळहात टेकवून उभी राहिले होते. आतून त्यांचा हात येईल, मला लागेल, असं वाटलं होतं. पहारेकऱ्यानं शिट्टी मारली. मी घाबरून हात काढला. त्यांनी नंतर लावला असेल का, हे मला कधीच कळणार नव्हतं.

आता कापड माझ्या तळहाताखाली उचललं गेलं. आधी बोटांची पाच टोकं, मग सगळा पंजा. लहानसा, माझ्या हाताच्या आत मावणारा.

या वेळी मी हात काढला नाही.

आणि मग बाईंनी श्वास ओढून घेतला, म्हणून मी वर बघितलं. गोधडीभर खालून बोटं टेकत होती. निळ्या शर्टाखाली, टपालवाल्याच्या खिशाखाली, बेकरीवाल्याच्या पांढऱ्या टोपीखाली. एकेक करून, सगळीकडे. कापड त्यांच्यावर तोललं गेलं होतं.

७

न्हाव्यानं चौकटीच्या दोऱ्या सोडल्या. चारी बाजूंच्या. गोधडी खाली पडायला हवी होती. ती पडली नाही, झुललीसुद्धा नाही.

“हवा असेल खालून,” आमचे हे अगदी बारीक आवाजात म्हणाले. हातगाडी त्यांनी तिथंच सोडली.

“कुणीही खाली बघायचं नाही,” बाईंनी वर्गात देतात तशी सूचना दिली. आम्ही चौघांनी चार कोपरे धरले. दहा माणसांना उचलणार नाही एवढं ते वजन, पण माझ्या बोटांना चादरीएवढंही लागलं नाही. मोठ्या दारातून आम्ही रस्त्यावर आलो.

ऊन लख्ख होतं. दुकानं उघडत होती. वरच्या खिडक्यांतून बघणाऱ्यांना फक्त रंगीत चौकोन नि नावं दिसत असतील. ते हात हलवत होते. कोपऱ्यावर चांभार फुटपाथवर पोतं टाकून बसतो. तो खाली बसलेला, त्याची नजर थेट गोधडीच्या खालून गेली. हातातली आरी हातातच राहिली. तोंड उघडं पडलं. मग तो उठून उभा राहिला, आणि त्यानं डोक्यावरची टोपी काढून छातीशी धरली. त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि तो हसत होता.

त्याच्या पुढे पायरीवर बसलेली एक म्हातारी उठली. मग बाकावरचे दोघे. जे जे खाली बसले होते ते ते, आम्ही पोचायच्या आत, उठून उभे राहत गेले. उभ्या असलेल्यांना का ते कळत नव्हतं, तरी तेही थांबले. सायकली थांबल्या. अख्खा रस्ता उभा होता, आणि आम्ही चौघं मधून चाललो होतो. पावलांचा आवाज मात्र चौघांचा नव्हता. मी तो ऐकला. मान ताठ ठेवून ऐकला. एवढी मान मी माझ्या लग्नातही ताठ ठेवली नव्हती.

८

सभागृहाच्या दारात साहेब उभे होते. नव्या वहाणा, हातात किल्ली आणि कागदांची जुडी.

“तीन दिवस तंबूंच्या मूळ वह्या बघत होतो,” ते म्हणाले. माझ्या डोळ्यांत बघून बोलत होते, गोधडीकडे बघायचं त्यांनी कटाक्षानं टाळलं. “ताप, दिवस, खाट नंबर, सगळं त्यात होतं. कुणी उघडून बघितलं नव्हतं, एवढंच. मीही नाही. ‘इतर’वर रेघ मारली. त्याखाली माझी सही आहे.”

त्यांनी कुलूप काढलं.

गोधडी सज्जाच्या कठड्यावरून टांगली तेव्हा तिचं वजन एकदम हाताला लागलं. आठ जण धावून आले म्हणून सावरली. सभागृह गच्च भरलं होतं. साहेबांनी स्वतः उभं राहून त्र्याऐंशी नावं वाचली. बाईंच्या भावाचं नाव आलं तेव्हा बाई वर्गात उभ्या राहाव्यात तशा ताठ उभ्या राहिल्या. शेवटच्या नावाशी साहेब अडखळले, चष्मा पुसला, घसा साफ केला आणि संपूर्ण सरकारी गांभीर्यानं म्हणाले, “लवंगी.”

आमच्या कारखान्याच्या बायकांत हशा पिकला. मग टाळ्या. त्या थांबेचनात. आमचे हे भिंतीकडे तोंड करून टाळ्या वाजवत होते.

मला जरा एकटं व्हायचं होतं. गोधडी आणि मागची भिंत यांच्या मधे हातभर जागा होती. मी तिथं शिरले. मागून खिडकीचं ऊन अस्तरावर येत होतं. तो आमचा अर्धवट तंबू, आता पूर्ण भरलेला. मी टाके बघायला गेले, गाठी नीट बसल्यात ना म्हणून.

मागून नावं उलटी दिसायला हवी होती. आरशात दिसतात तशी. मी पहिलं वाचलं, दुसरं वाचलं, मग भराभर खालपर्यंत गेले. सगळी नावं सुलटी होती. डावीकडून उजवीकडे, काना-मात्रेसकट, बाईंच्या खडूपेक्षाही रेखीव.

मी तिथं उभी होते, आणि माझ्या लक्षात आलं की मी कुणाच्या तरी आड येतेय. मागे कुणी दिसत नव्हतं. पण गर्दीत आपल्याला मान न वळवता कळतं ना, की मागच्या माणसाला पुढचं बघायचंय? तसं. मी अंग चोरून भिंतीला लागले आणि वाट करून दिली. हातभर जागेतून कुणीतरी माझ्या खांद्याला निसटतं लागून पुढे गेलं. त्यामागून आणखी कुणी. त्यामागून आणखी.

“वहिनी!” न्हाव्यानं समोरून हाक मारली. “कुठे गेलात? फोटो काढतायत!”

“आले, आले,” मी म्हटलं. “जरा थांबा. इकडं फार गर्दी आहे.”